कवंदीचा अनुस्वार

जुन्या लुगड्यांचे थर एकावर एक अंथरून धावदोऱ्याने शिवलेल्या पांघरुणाला कर्नाटकातल्या उत्तर कन्नड जिल्ह्याच्या जोयडा तालुक्यात एकच नाव नाही. कन्नड बोलणारा ‘कौदी’ म्हणतो, मराठी घरात ‘गोधडी’ किंवा ‘वाकळ’ म्हणतात, आणि काळी नदीच्या खोऱ्यातल्या रानात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या सिद्दी बायका तिला ‘कवंद’ किंवा ‘कवंदी’ म्हणतात. गोधडीचे आणि वाकळीचे कूळ निराळे, हे ऐकताक्षणी कळते. कौदी आणि कवंदी मात्र बहिणी दिसतात. मग धाकटीच्या, किंवा थोरलीच्या, कपाळी हा अनुस्वार आला कुठून?

आधी एक गल्लत दूर करू. कवदी आणि कवडी यांचा संबंध नाही. कवडी संस्कृत कपर्दिकेची लेक, प्राकृतात ‘कवड्डिआ’ होऊन आपल्याकडे आली. कन्नडातही ती ‘कवडे’ आहे, मूर्धन्य ड सांभाळून. पांघरुणाचा शब्द कन्नडात ‘कवदि’, दंत्य द असलेला, आणि त्याचेच आटलेले रूप ‘कौदि’. अव चा औ होणे हे कन्नडात नित्याचे. काकडीला ‘सवते’ आणि ‘सौते’, जळाऊ लाकडाला ‘सवदे’ आणि ‘सौदे’ अशी जोडरूपे तिथे सुखाने नांदतात. आपण लवणाचे लोण केले तीही याच घराण्यातली खोड. म्हणजे कवदी जुनी, कौदी अलीकडची, असे मानायला हरकत नसावी.

पण कवदी तरी कशावरून? कन्नडात ‘कवि’ नावाचा एक सुरेख धातू आहे. त्याचा काव्य करणाऱ्या कवीशी संबंध नाही. तो द्रविड आहे, तमिळातही आहे, आणि त्याचा अर्थ वरून येऊन झाकणे, दाटणे, व्यापणे. आभाळ भरून आले की कन्नड माणूस म्हणतो ‘मोड कविदिदे’, ढग दाटले आहेत. अंधारही असाच ‘कवितो’. या धातूचे भूतकाळी रूप ‘कविद-’, म्हणजे झाकलेले, दाटून आलेले. त्याच्यापासून कवदी निघाली असावी असे मला वाटते. सह्याद्रीच्या या उतारावर पावसाळ्याचे चार महिने आभाळ कविदलेले असते, आणि घरात माणसे कवदीखाली असतात. दोन्ही दाटण्यांना एकच धातू असणे मला फार पटते. प्रत्ययाचे कोडे थोडे उरते, पण अर्थाची वाट सरळ आहे.

संस्कृतकडे बघणाऱ्याला इथे एक मोह होतो. वेदात ‘कवन्ध’ किंवा ‘कबन्ध’ असा शब्द आहे. पुढे रामायणात तो बिनडोक्याच्या राक्षसाचे नाव झाला, पण मूळ अर्थ पिंप, मोठ्या पोटाचे भांडे, आणि त्यावरून पाण्याने भरलेला ढग. कवंदीला अनुस्वार आहे, कवंधालाही आहे, आणि ढगही दोन्हीकडे आहे! तरी हा मोह टाळावा. वैदिक पिंपातून उत्तर कन्नडच्या जंगलातल्या पांघरुणापर्यंत यायला मधल्या पायऱ्या लागतात, आणि त्या कोणत्याच प्राकृतात सापडत नाहीत.

अनुस्वाराचे उत्तर घरातच आहे. आपल्या भाषांना शब्दात नसलेला नासिक्य स्वर आपणहून काढायची जुनी सवय आहे. ‘वक्र’मध्ये अनुस्वार नाही, पण प्राकृतात ‘वंक’ झाले. ‘अश्रु’मध्ये नाही, पण ‘अंसु’ झाले आणि त्याचे आपण आसू केले. सर्पाचा हिंदीत साँप झाला तो असाच. व्याकरणकार याला स्वयंभू अनुनासिक म्हणतात. कोकणी तर नाकातून बोलण्यात मराठीच्याही पुढे, आणि कर्नाटकातल्या सिद्द्यांची घरची बोली कोकणीच्या वळणाची आहे, तिच्यात मराठी आणि कन्नड मिसळलेली. तेव्हा कन्नड कवदी कोकणी तोंडात गेली आणि तिथे तिची कवंदी झाली, असे झाले असावे. कवंदी हा कन्नड अंगाचा आणि कोकणी उच्चाराचा शब्द आहे, आणि तो सांभाळला आहे आफ्रिकी वंशाच्या बायकांनी.

हा शेवटचा भाग जरा थांबून पाहण्यासारखा आहे. ‘सिद्दी’ हे नाव अरबी ‘सय्यिदी’चे, म्हणजे ‘माझे धनी’, बोलीत ‘सीदी’. हाच शब्द पश्चिमेकडे स्पेनमध्ये पोचला आणि तिथल्या मध्ययुगीन वीराच्या ‘एल सिद’ या बिरुदात बसला; आपल्याकडे तो जंजिऱ्याच्या सिद्दीमुळे घरोघरी ठाऊक. ‘हबशी’ हा दुसरा शब्द हबश, म्हणजे ॲबिसिनियावरून. उत्तर कन्नडमधल्या सिद्द्यांचे पूर्वज पोर्तुगीज आणि अरब व्यापाऱ्यांनी आणलेले, पुष्कळसे गोव्यातून घाटावरच्या रानात निसटलेले. हळियाळ, यल्लापूर, मुंडगोड, अंकोला आणि जोयडा या भागांत ते विखुरले. कोणी ख्रिस्ती, कोणी मुसलमान, कोणी हिंदू. 2003 साली या जिल्ह्यातल्या सिद्द्यांचा अनुसूचित जमातींच्या यादीत समावेश झाला. त्यांच्या नाचाला आणि ढोलाला ‘दमामी’ म्हणतात, आणि तो शब्द फारसी ‘दमामा’चा, आपल्या बखरीतल्या दमाम्याचा सख्खा. घरातल्या पूर्वजांना ते ‘हिरियारु’ म्हणतात, तो कन्नड ‘हिरिय’, थोर. म्हणजे ढोल फारसी, पितर कन्नड, पांघरूण कन्नड-कोकणी. आफ्रिकेतून शब्द फारसे आले नसावेत. रंग एकमेकांशेजारी ठेवण्याची धिटाई कदाचित आली असेल. या बायकांबरोबर बरीच वर्षे काम केलेले अमेरिकी कलाइतिहासकार हेन्री ड्रेवल यांनी या पांघरुणांवर लिहिल्यापासून त्यांची कीर्ती समुद्रापार गेली, आणि ‘कवंदी’ हा शब्द आता परदेशी शिवणकऱ्यांच्या तोंडी आहे. अनुस्वारासकट!

शब्दांच्या दृष्टीने ही भूमीच दुहेरी-तिहेरी शिवणीची आहे. उत्तर कन्नड जिल्हा 1862 साली मद्रास इलाख्यातून मुंबई इलाख्यात आला आणि 1956 पर्यंत तिथे राहिला. जोयडा तालुक्याचे जुने नाव सुपे. काळी नदीवरच्या धरणाने सुपे गाव पाण्याखाली गेले आणि कचेऱ्या जोयड्याला आल्या. याच तालुक्यात उळवी आहे, चन्नबसवण्णांच्या समाधीचे क्षेत्र. तिथल्या जत्रेला धारवाड-बेळगावकडून बैलगाड्या येतात. कल्याणातल्या उत्पातानंतर शरण, म्हणजे बसवण्णांचे अनुयायी, इथे येऊन उरले, तगले म्हणून कन्नड ‘उळि’ (उरणे) यावरून उळवी, अशी व्युत्पत्ती सांगितली जाते. भाषाशास्त्राला ती पटो न पटो, लोकांना ती पटली आहे, आणि शब्दाच्या इतिहासात त्यालाही जागा असते. धारवाडी कौदी या गाड्यांच्या वाटेने रानात शिरली असेल का? अशक्य दिसत नाही.

आता कवंदीच्या अंगावरचे शब्द पाहू. तिचे शिवण कोपऱ्यातून सुरू होते आणि कडेकडेने फिरत मध्याकडे जाते. चारी कोपऱ्यांवर कापडाचे लहान तुकडे दुमडून, त्रिकोणी, थरावर थर असे बसवतात. त्यांना ‘फुला’ म्हणतात. हे ‘फूल’चे कोकणी वळणाचे अनेकवचन, कोकणी ‘फुलां’. अनुस्वार या वेळी उलट गळून गेलेला दिसतो. आणि वरच्या रंगीत बारीक तुकड्यांना ‘टिकेली’. ही आपली टिकलीच. टिकली, टीका यांच्या मुळाशी खूण, ठिपका असा अर्थ असलेला एखादा प्राकृत ‘टिक्क’ असावा. संस्कृत ‘तिलक’ त्याच्या शेजारी बसतो, पण बाप तो नसावा. फुला न लावलेली कवंदी नागडी, असे सिद्दी बायका मानतात. एवढ्या एका विशेषणाने सारे चित्र बदलते. ज्या वस्तूला नागडे म्हणता येते तिला देह असतो, लाज असते, तिला फुले माळायची असतात, टिकली लावायची असते. पाळण्यातल्या मुलाच्या कवंदीवर तर टिकेल्यांची दाटी असते. ख्रिस्ती घरातली बाई तुकड्यांतून क्रूस बसवते, मुसलमान घरातली चंद्रकोर. फुला मात्र तिन्ही धर्मांच्या घरांत. माझ्या मते कवंदीचा खरा धर्म त्या चार कोपऱ्यांत आहे.

याला भरतकाम म्हणावे की नाही, असा वाद कोणी काढील. ‘भरत’ हा शब्द आपण गुजरातीकडून घेतलेला दिसतो. मूळ धातू भरणे. रिकामी जागा टाक्यांनी भरायची. ओटी भरणे, पोट भरणे, मळवट भरणे या आपल्या मंगल क्रियांच्या रांगेत तो आपणहून बसतो. ‘कशिदा’ मात्र फारसी. ‘कशीदन’ म्हणजे ओढणे, खेचणे, त्याचे कृदंत ‘कशीदा’, ओढलेले. दोरा ओढून काढलेले काम ते कशिदा. पुढे आणून ठेवलेली भेट ती ‘पेशकश’, धातूची तार ओढणारा तो ‘तारकश’, आणि अरबी-फारसी लेखनात अक्षर लांबवायला ओढलेल्या रेघेलाही ‘कशीदा’च म्हणतात. एखाद्याची स्तुती करताना ‘कसीदे गाणे’ म्हणतात ती मंडळी निराळी. तो अरबी ‘कसीदा’, स्तुतिकाव्य. लिहिताना श आणि स यांची सरमिसळ होते म्हणून सांगितले.

या कशिद्याचा धारवाडच्या ‘कसूती’ या भरतकामाशी संबंध असावा का? कसूतीची रूढ फोड ‘कै’ (हात) अधिक ‘सूती’ अशी करतात. पण सुताला कन्नड शब्द ‘नूलु’. सूती हा आपल्या बाजूचा. अर्धा द्रविड, अर्धा आर्य असा समास होऊ शकतो, कवंदी स्वतः तसलीच आहे. तरी फारसी कशीदा कन्नड तोंडात कसूती झाला असण्याची शक्यता मला सोडवत नाही. तिच्या टाक्यांची नावे मात्र अस्सल देशी. ‘गवंती’ हा कन्नड ‘गंटु’ म्हणजे गाठ यावरून, ‘नेगी’ विणण्याच्या ‘नेय्’वरून, ‘मेंथी’ मेथीच्या दाण्यावरून. इरकली लुगड्यावर, काळ्या चंद्रकळेवर कापडाचे धागे मोजून, कुठेही गाठ न दाखवता, उलट-सुलट सारखेच दिसेल असे तुळशीवृंदावन, गोपुर, पालखी, रथ काढायचे. देवळाची अख्खी मिरवणूक पदरावर! कसूतीत नवे लुगडे सजते, कवंदीत जुने. मी दोघींना एकाच विद्येच्या शाखा मानतो, कारण दोघींच्या हाती सुई आहे.

सुई म्हणजे ‘सूची’, शिवण म्हणजे ‘सीवन’, आणि दोन्हींच्या मुळाशी ‘सिव्’. ‘सूत्र’ही त्याच धातूचे असावे. इंग्रजीतला ‘सो’ आणि लॅटिनमधला ‘सुएरे’ त्याचे दूरचे भाऊ. वेदान्तात ‘अनुस्यूत’ म्हणतात तेव्हा शब्दशः अर्थ असा, की ब्रह्म सगळ्यांत आतून शिवलेले आहे. ‘ओतप्रोत’ही विणकामातला, आडवे आणि उभे विणलेले. बृहदारण्यकात याज्ञवल्क्याला हे सारे कशात ओतप्रोत आहे असे विचारत विचारत गेली ती गार्गी, एक बाई. आणि ऋग्वेदाच्या दुसऱ्या मंडलातल्या बत्तिसाव्या सूक्तात पौर्णिमेची देवता राका आहे. तिला विनवले आहे की न तुटणाऱ्या सुईने तू हे काम शिव आणि आम्हाला थोर पुत्र दे. हाच मंत्र पुढे आश्वलायन गृह्यसूत्राने सीमंतोन्नयनाला, गर्भवतीच्या संस्काराला जोडला. सुई आणि मूल यांचे नाते इतके जुने आहे. जोयड्यातल्या कोणा सिद्दी आजीने हे सूक्त ऐकलेले असण्याचा संभव नाही. ती पाळण्याची कवंदी शिवते तेव्हा राकेचेच काम करते, असे मात्र मला मनापासून वाटते.

लहान मुलासाठी चिंध्याच का, याचेही उत्तर शब्दांत आहे. नवजाताला नवे कोरे न घालता आधी जुने, धुऊन मऊ झालेले कापड घालायची आपल्याकडची रीत आहे. मुले जगत नसली की पुढच्याचे नाव चिंधू, उकिरडा, केरबा असे ठेवत, म्हणजे मृत्यूने त्याच्याकडे ढुंकून पाहू नये. कन्नडातला तिप्पण्णा तसाच, ‘तिप्पे’ म्हणजे उकिरडा. सिंधुताई सपकाळ यांना लहानपणी ‘चिंधी’ म्हणत, ते नको असलेली मुलगी म्हणून. एकाच शब्दाने राखणही करता येते आणि झिडकारताही येते. द्रौपदीने कृष्णाच्या बोटाला बांधायला फाडून दिलेली चिंधी हे तिसरे टोक. तिथे चिंधी अंतहीन वस्त्र होऊन परत येते. आणि बौद्ध भिक्षूंचे ‘पांसुकूल’ म्हणजे अक्षरशः धुळीचा ढीग, उकिरडा, आणि त्यावरून वेचलेल्या चिंध्यांचे वस्त्र. तिप्पण्णा आणि पांसुकूल या शब्दांच्या मागे एकच कल्पना आहे: टाकून दिलेल्याला कोणी हात लावत नाही, म्हणून ते सुरक्षित आणि पवित्र. भिक्षूचे ‘चीवर’ तुकडे जोडून करतात. मगधातल्या बांधबंदिस्तीच्या भातखाचरांसारखी त्याची आखणी आनंदाने केली, असे विनयपिटकात आहे. चीवर, चीर, चिरगूट ही सगळी एकाच भावकीतली दिसतात.

वाकळीचे कूळ तर याहून पक्के. ‘वल्कल’, प्राकृतात ‘वक्कल’, आपल्याकडे ‘वाकळ’. क्क चा क होताना मागचा स्वर लांबला, आणि ल चा ळ झाला. ध्वनिनियमाला धरून एवढी चोख व्युत्पत्ती क्वचित मिळते. ऋषीने झाडाची साल नेसायची, ती शेतकऱ्याच्या अंथरुणात आली. ‘कंथा’चेही तसेच: जोग्याची ठिगळाची झूल, आणि बंगालात तीच ‘काँथा’ होऊन बायकांच्या सुईखाली फुलांनी भरली. (पाणिनीने उशीनरांच्या गावांच्या नावांत जी ‘कन्था’ सांगितली आहे ती मात्र वेगळी. तिचा अर्थ नगर, आणि ती इराणी ‘कंद’ची बहीण, समरकंद आणि ताश्कंदच्या शेपटातली. वासुदेवशरण अग्रवालांनी हे छान उलगडले आहे.) गोधडी, हिंदी गुदडी, गुजराती गोदडी यांचे मूळ ‘गूदड’ म्हणजे चिंध्या, एवढेच निश्चित दिसते, मराठीत द चा ध झाला तो ‘धडुते’, ‘धडपा’ यांच्या संगतीने असावा. कर्जतचे गोदड महाराज, आणि गाडगेबाबांना पडलेले ‘गोधडे महाराज’ हे नाव, दोन्हींत गोधडी साधुत्वाची खूण होते. अंबाजोगाईच्या दासोपंतांनी (1551–1615) आपले ‘पंचीकरण’ लिहायला एक लांबलचक पासोडी घेतली. तो पासोडी शब्द गुजराती ‘पछेडी’चा भाऊ असावा, कारण च्छ चा मराठीत स होतो: मच्छाचा मासा, उच्छूचा ऊस. आणि देवीच्या मागे टांगायची ‘मातानी पछेडी’ ठाऊक असेल त्याला ग्रंथ आणि देवता दोघांनाही या जाड कापडाने कसे सांभाळले ते दिसेल.

या सगळ्यांत मला सर्वांत मोलाचा वाटतो तो ‘ठिगळ’. प्राकृतात तो ‘थिग्गल’ आहे, आणि जैनांच्या पन्नवणा सूत्रात ‘आगासथिग्गल’ असा समास येतो, आकाशाचे ठिगळ. टीकाकार म्हणतात की अफाट अलोकाकाश हे पसरलेले वस्त्र, आणि आपण राहतो तो सारा लोक म्हणजे त्यावर लावलेले एक ठिगळ. आपण अजून म्हणतो, आभाळच फाटले तर ठिगळ कुठे कुठे लावणार? म्हणणाऱ्याला पन्नवणा ठाऊक नसते. पण ठिगळ आणि आभाळ ही जोडी मराठीला दीड-दोन हजार वर्षांच्या वारशाने मिळाली असावी, आणि ‘कवि’ म्हणजे आभाळ दाटणे हा कन्नड अर्थ तिच्या शेजारी ठेवला की कौदी, कवंदी आणि ठिगळ एकाच आभाळाखाली येतात.

भगवद्गीता देहाला जुन्या वस्त्राची उपमा देते: जीर्ण झाले की टाकायचे आणि नवे घ्यायचे. गोधडी शिवणाऱ्या बायकांनी जीर्णाचा निराळा विचार केला. ‘जुनेर’ हा आपला शब्द त्या जीर्णाचाच, पण जुनेर टाकायचे नसते, थरात घालायचे असते. आजीचे लुगडे नातवाच्या अंगाखाली जाते. मला हा विचार गीतेच्या उपमेइतकाच तोलाचा वाटतो, आणि तो कोणत्या ग्रंथात नसून कौदी, कवंदी, वाकळ, फुला, टिकेली अशा शब्दांत आहे. तेव्हा वाचकांना एक विनंती. तुमच्या घरात, गावात, सीमाभागात किंवा गोव्यात कोणी अजून हाताने गोधडी शिवत असेल, तर तिच्या कोपऱ्याला, कडेला, मधल्या जागेला, शेवटच्या टाक्याला त्या बाई काय म्हणतात ते त्यांच्याच उच्चारात, अनुस्वार न गाळता, लिहून ठेवा. कोशांत हे शब्द आढळत नाहीत आणि म्हाताऱ्या बायकांशिवाय ते फारसे कोणाजवळ उरलेले नाहीत.